शेठच्या हाताखाली घडताना काय घ्यावं आणि काय देऊ नये

आमच्या पारोळा तालुक्यातली पोरं मला भेटायला येतात तेव्हा बहुतेकांचं मागणं एकच असतं. "दादा, जळगावला एखाद्या मोठ्या शेठकडे लावून द्या. पगार कमी असला तरी चालेल, पण मोठ्या माणसाजवळ राहायचंय." मला हे मागणं मनापासून आवडतं. चार एकर कोरडवाहूच्या घरातला मुलगा पगाराआधी माणूस मागतो, म्हणजे पैसा कसा चालतो हे पैसेवाल्याच्या गादीजवळ बसूनच कळतं, एवढं त्याला उमगलेलं असतं. मी तसाच घडलो. धरणगावकडच्या एका जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातून रुई आणि सरकी (कापसाचं बी) वेगळी करणाऱ्या कारखान्यात, काट्यावर चिठ्ठ्या लिहायला लागलो, शेठजींच्या हाताखाली वाढलो आणि आज जळगावात रुई-सरकीची स्वतःची दलाली करतो. माझ्या पहाटे उठण्यात, फोनवर बोलण्यात, आकडा लिहिण्याच्या पद्धतीतसुद्धा शेठजी आहेत. त्यांनी मला माणसात आणलं, हे मी कुठेही उभं राहून सांगेन.

तरीही कुणाला लावून देण्याआधी मी त्याला समोर बसवतो आणि काही गोष्टी सांगतो. त्याच इथे लिहितोय, कारण याच वाटेने गेलेली काही गुणी पोरं मी बुडताना पाहिली आहेत. ती आळशी नव्हती, बेइमान तर नव्हतीच. शेठकडून काय घ्यायचं आणि त्याला काय द्यायचं नाही, हे त्यांना कुणी वेळेवर सांगितलं नव्हतं.

शेठ निवडताना

पहिली गोष्ट अशी की शेठ आपल्याला निवडतो तसा आपणही शेठ निवडायचा असतो. खान्देशात पर्याय आहेत. जळगावात सराफा आहे, दाळमिला आहेत. सावदा-रावेरकडे केळीचे व्यापारी आहेत. धरणगाव, बोदवड, शेंदुर्णी, चोपडा या पट्ट्यात जिनिंग आहेत. प्रत्येक धंदा वेगळं शिकवतो. केळी शिकवते घाई, कारण कापलेला घड कुणासाठी थांबत नाही; ट्रक भरला की दिल्लीचा रस्ता धरावाच लागतो. दाळमिल शिकवते गोदाम आणि साठा. सराफा शिकवतो वजन आणि जबान. कापूस शिकवतो मालाची पारख आणि जगाचा भाव, म्हणून मी कापसाच्या बाजूने जरा जास्त बोलणार.

गाडी आणि बंगला बघून शेठ ठरवू नकोस. तीन चौकशा कर. एक, भाव पडला त्या वर्षी त्याने शेतकऱ्यांचे पैसे कसे दिले. ही माहिती गेटवरचा चहावाला आणि हमाल देतात, आणि बरोबर देतात. दोन, त्याचा मुनीम किती वर्षांचा जुना आहे. दर दोन वर्षांनी मुनीम बदलत असेल तर तिथे एकतर हिशेब खोटा असतो किंवा माणसांना अपमान असतो. तीन, आणि माझ्या मते ही सगळ्यात मोठी: त्याच्याकडून बाहेर पडलेली माणसं आज काय करतात? कुणी स्वतःचं दुकान टाकलं का? त्या दुकानाच्या उद्घाटनाला शेठ आला होता का? दहा-पंधरा वर्षांत एकही माणूस ज्याच्याकडून पायावर उभा राहून बाहेर पडला नाही, त्याला मोठी माणसं घडवायची नाहीत, त्याला फक्त हात हवे आहेत.

शेठ पैसा कुठे घालवतो तेही बघ. अमळनेरचे श्रीमंत प्रताप शेठजी गिरणीमालक होते, आणि १९१६ साली त्यांनी अमळनेरात तत्त्वज्ञान मंदिर उभं केलं. कापडाच्या पैशातून तत्त्वज्ञानाचा अभ्यास! अशा माणसाजवळ बसणाऱ्याला पैशापलीकडचं काही ऐकायला मिळालं असणार, असं मला नेहमी वाटतं. सगळेच शेठ एवढे मोठे नसतात. पण गावातल्या शाळेला, दवाखान्याला, वाचनालयाला ज्याचा हात सुटतो, तो शिकवतानाही हात आखडत नाही, हा माझा अनुभव आहे.

पहिल्या भेटीत त्याला त्याच्या पहिल्या वर्षाबद्दल विचार. ठिबक सिंचनाचा मोठा उद्योग उभारणाऱ्या, जामनेर तालुक्यातल्या वाकोदच्या भवरलाल जैन यांनी १९६३ साली घरच्यांनी साठवलेल्या ७,००० रुपयांवर रॉकेलच्या धंद्यापासून सुरुवात केली. आमच्याकडच्या पोरांना त्यांचं जैन हिल्स ठाऊक असतं, ठिबक ठाऊक असतं, पण ते सात हजार आणि ते रॉकेल फार थोड्यांना आठवतं. ज्या शेठला आपलं पहिलं वर्ष आकड्यासकट आठवतं आणि जो ते सांगायला लाजत नाही, त्याच्याकडे तू शिकशील. जो म्हणतो, "सगळी देवाची कृपा," आणि विषय बदलतो, त्याच्याकडे तुला पगार मिळेल.

पहिला हंगाम मालाजवळ काढ

लागल्या लागल्या शेठच्या केबिनजवळ घोटाळू नकोस. माल जिथे उतरतो तिथे उभा राहा. आमच्याकडे काही ठिकाणी गणेश चतुर्थीला काटापूजन होऊन खाजगी खरेदीचा मुहूर्त होतो, दसऱ्यानंतर आवक चढते आणि मग संक्रांतीपर्यंत गेटवर ट्रॅक्टरांची रांग हटत नाही. हा काळ म्हणजे तुझी शाळा.

शेठजींनी मला पहिल्या हंगामात एकच काम दिलं होतं. ट्रॉली आली की त्यांच्या मागे उभं राहायचं आणि त्यांचा हात कुठे जातो ते बघायचं. शेतकरी म्हणतो, "शेठ, मन्हा माल वाळेल शे." वरचा कापूस खरंच वाळलेला असतो. शेठजींचा हात मात्र खांद्यापर्यंत आत जायचा, फळीच्या कडेने, तळाशी. तिथला मूठभर कापूस बाहेर काढून ते आधी मुठीत दाबायचे. कोरडा कापूस मूठ उघडताच फुलून येतो, ओला दबलेलाच राहतो. मग सरकी दाताखाली धरायची. वाळलेली सरकी कट्‌कन फुटते, ओली चेपते. मग रुईचा पुंजका दोन्ही हातांच्या चिमटीत ओढून धाग्याची लांबी बघायची. आता ओलावा मोजायचं मशीन सगळीकडे आलंय आणि ते वापरावंच, पण मशीन कुठे खुपसायचं हे हातालाच कळलेलं असावं लागतं.

कवडी (किडका, न फुललेला कापूस) किती, पत्ती (पानांचा कचरा) किती, फरदडीचा (हंगाम संपल्यावर पुन्हा घेतलेल्या पिकाचा) माल मिसळलाय का, हे सगळं नजरेत बसायला एक हंगाम जातोच. घाई करू नकोस. सांगितलेलं ऐकून ही नजर येत नाही, शेजारी उभं राहून येते, आणि नंतर ती कुणी काढून घेऊ शकत नाही.

नजर बसली की आकडा शिक. ही आकडेमोड मी प्रत्येक पोराकडून कागदावर करून घेतो, तूही कर. एक क्विंटल कापसातून साधारण ३४ किलो रुई निघाली, ६४ किलो सरकी आणि बाकी घट. रुईचा भाव खंडीवर असतो आणि खंडी म्हणजे ३५६ किलो. धर, खंडी ५५,००० रुपये. म्हणजे किलोला सुमारे १५४ रुपये ५० पैसे. चौतीस किलोचे झाले ५,२५३. सरकी ३३ रुपये किलो धर, चौसष्ट किलोचे २,११२. एकूण ७,३६५. यातून मजुरी, वीज, प्रेसिंग (गाठी बांधणं), व्याज, भाडं वजा जातं, आणि त्याच्या खाली बसेल तो खरेदीचा भाव. आता उतारा, म्हणजे क्विंटलमागे निघणारी रुई, एका किलोने वाढव: ३५ किलो रुई, ६३ किलो सरकी. क्विंटलमागे सुमारे १२१ रुपये जास्त. दिवसाला ५०० क्विंटल चालणाऱ्या जिनिंगमध्ये एका किलोच्या उताऱ्याने ६०,००० रुपयांचा फरक पडतो, तोही एका दिवसात. शेठजींचा हात ट्रॉलीच्या तळाशी का जात होता, ते मला हा हिशेब मांडल्यावर पुरतं कळलं.

त्यानंतर जगाचा भाव. न्यूयॉर्कचा वायदा (पुढच्या तारखेच्या सौद्याचा भाव) पौंडाला सेंटमध्ये बोलतो. पौंड म्हणजे ४५३.६ ग्रॅम. धर, वायदा ८० सेंट, म्हणजे किलोला १.७६ डॉलर, खंडीला सुमारे ६२८ डॉलर. डॉलर ८५ रुपये धरला तर ५३,४०० च्या आसपास. इथल्या खंडीशी ताडून बघ. आपला भाव वर असेल तर निर्यात थंडावेल, खाली असेल तर बाहेरून विचारणा येईल. एरंडोलच्या शेतकऱ्याचा भाव अमेरिकेत कुणीतरी हलवतो हे ज्या दिवशी तुला स्वतःच्या आकडेमोडीतून दिसेल, त्या दिवसापासून तू वेगळा माणूस झालास. कपडे तेच असतील, पण तू वेगळा झालास.

प्रश्न विचारायचे, पण दिवसाला एकच आणि रोकडमेळ (दिवसाचा रोख हिशेब) जुळल्यानंतर. मेळ जुळेपर्यंत कुठलाही शेठ गुरू नसतो, व्यापारी असतो. मेळ जुळला, चहा आला, की तो मोकळा होतो. त्या वेळी विचार, "आज धुळ्याच्या गाड्या का परत लावल्या?" उत्तर रात्री वहीत लिही. माझ्याकडे अशा वह्या आहेत आणि आजही सौदा अडला की मी त्या काढतो.

स्वतःला कुठे बदलायचं

हा भाग जरा नाजूक आहे. शेठजवळ राहिलं की माणूस बदलतोच, आणि बदलायला हवंच. गावातून येताना आपल्याजवळ भीड असते, उशिरा पोहोचण्याची सवय असते, "बघू, करू" असं बोलणं असतं. ते सगळं टाक. वेळेवर पोहोच. फोन आला की आधी नाव सांग, मग काम. आकडा बोलताना गोल करू नकोस. "पाचशेच्या आसपास" असं सांगणारा माणूस या धंद्यात कुणाला नको असतो. हिंदी साफ कर, कारण कोइम्बतूरचा गिरणीवाला आणि कडीचा व्यापारी तुझ्याशी हिंदीत बोलणार. ईमेल आणि शीट शिक. ती शिकायला महिना पुरतो.

स्वतःला नव्याने घडवण्याची मोठी गोष्ट आपल्या शेजारचीच आहे. मालेगाव तालुक्यातल्या कवळाण्याचा बारा वर्षांचा गोपाळ १८७५ साली बडोद्याच्या गादीवर दत्तक गेला. तोवर त्याची अक्षरओळखही झालेली नव्हती. महाराणी जमनाबाईंनी त्याला घेतलं, इलियट नावाचा इंग्रज शिक्षक नेमला गेला, दिवाण टी. माधवराव यांनी कारभाराचे धडे दिले, आणि १८८१ च्या अखेरीस सयाजीराव गायकवाडांच्या हाती राज्याचा कारभार आला. सहा वर्षं. या सहा वर्षांत दरबारी पोशाख आणि दागिने पहिल्या दिवशीच मिळाले असतील, पण सयाजीराव झाले ते अभ्यासाने. पोरांना मी हे मुद्दाम सांगतो, कारण आपल्याकडे पोशाखापासून सुरुवात करायची घाई फार.

ही घाई कशी दिसते सांगतो. शेठसोबत दोन वेळा मुंबईला जाऊन आलं की पोरगा हप्त्यावर मोठी मोटरसायकल घेतो, मग मनगटावर घड्याळ येतं, मग शेठ ज्या हॉटेलात जेवतो तिथे मित्रांना नेऊन बिल भरतो. शेठचा खर्च त्याच्या उत्पन्नाच्या किती हिश्श्यात बसतो हे त्याने बघितलेलंच नसतं. शेठचा खर्च उचलू नकोस, शेठची बचत उचल. आमचे शेठजी लाखोंचा सौदा करून घरी यायचे आणि विजेचं बिल स्वतः तपासायचे. ती सवय मी घेतली.

कपड्यांचं सांगायचं तर दोन साधे, स्वच्छ, इस्त्रीचे जोड आणि चांगली चप्पल एवढं पहिलं वर्षभर पुरतं. समोरचा माणूस तुझ्या नखांकडे आणि वहीकडे बघतो, शर्टाच्या कंपनीकडे फारसं नाही.

आणि बोली. अहिराणी सोडू नकोस. शहरात आलं की पोरं पहिली तिचीच लाज बाळगतात. आमचे शेठजी पिढीजात व्यापारी घरातले, घरी मारवाडी बोलायचे, पण काट्यावर शेतकऱ्याशी अशी अहिराणी बोलायचे की समोरचा माणूस सोयऱ्यासारखा टेकायचा. त्यांनी ती कमावली होती, तुला ती मायकडून फुकट मिळाली आहे. ज्या शेतकऱ्याचा माल तुला घ्यायचा आहे तो त्याच बोलीत त्याची खरी अडचण सांगतो: पोरीचं लग्न, सोसायटीचा हप्ता, बोअर आटलेलं. प्रमाण मराठीत बोललास तर तो फक्त भाव विचारेल.

शेठचा एखादा दोषही असतो. कुणी हमालांवर ओरडतो, कुणी संध्याकाळी प्यायला बसतो, कुणाला लहान माणसाला ताटकळत ठेवण्यात मोठेपणा वाटतो. शिकणारं पोर हे दोष आधी उचलतं, कारण ते उचलायला मेहनत लागत नाही. हमालांशी तू कसा बोलतोस, याच्यावर लक्ष ठेव. तिथे आवाज चढायला लागला तर समज, चुकीची गोष्ट अंगात शिरतेय.

नाव, सही आणि सातबारा

आता ज्यासाठी हे सगळं लिहायला घेतलं ते. नीट वाच आणि जमलं तर घरच्यांनाही वाचायला दे.

शेठचा विश्वास बसला की एक दिवस तो म्हणेल, "तू तर घरचाच आहेस. तुझ्या नावावर एक फर्म काढू." किंवा "बँकेत जामीन म्हणून फक्त सही कर." किंवा "पारोळ्याजवळ एक जमीन मिळतेय, तुझ्या नावावर घेऊन ठेवू, तू शेतकरी आहेस ना." ऐकताना छाती फुगते. एवढा मोठा माणूस आपल्यावर लाखोंचा भरवसा ठेवतोय! बऱ्याचदा शेठच्या मनात वाईट काही नसतंही. पण कायदा मन बघत नाही, कागदावरचं नाव बघतो.

जमिनीचं आधी. महाराष्ट्रात जो शेतकरी नाही त्याला परवानगीशिवाय शेतजमीन विकत घेता येत नाही. म्हणून व्यापाऱ्याला तुझ्या सातबाऱ्याची किंमत तुझ्यापेक्षा जास्त कळते. पैसे त्याचे, नाव तुझं, हा बेनामी व्यवहार होतो. १९८८ च्या बेनामी कायद्यात २०१६ साली दुरुस्ती झाली, आणि आता त्यात एक ते सात वर्षं सक्तमजुरी आणि मालमत्तेच्या बाजारभावाच्या २५ टक्क्यांपर्यंत दंड आहे. मालमत्ता सरकारजमा होते ती वेगळीच. ही शिक्षा पैसे देणाऱ्याला आहे तशी नाव देणाऱ्यालाही आहे.

फर्मचं तसंच. जीएसटीचा नंबर तुझ्या पॅनवर निघाला की त्या फर्मने फाडलेलं प्रत्येक बिल तुझं. माल कुठे गेला, खरंच गेला का, कर भरला का, याचं उत्तर नोटीस आल्यावर तुलाच द्यायचं आहे. आमच्याच बरोबरीचा एक हुशार पोरगा, उतारा बघण्यात माझ्याहून तेज, दुसऱ्या एका व्यापाऱ्याकडे होता. त्याच्या नावाने फर्म निघाली, उलाढाल कोट्यवधींची दिसली, आणि नोटीस आली तेव्हा व्यापाऱ्याने फोन उचलणं बंद केलं. पोराच्या बापाने बैलजोडी विकून वकील केला. तो पोरगा आज बाहेरगावी दुसऱ्याच कामावर आहे. कापसातली त्याची नजर वाया गेली, याचं मला फार वाईट वाटतं.

जामीन म्हणजे "फक्त सही" कधीच नसते. कराराच्या कायद्याप्रमाणे जामीनदाराची जबाबदारी मूळ कर्जदाराइतकीच असते. बँक आधी शेठकडे जाईल, मग तुझ्याकडे येईल, असं बंधन नाही. ती थेट तुझ्याकडे येऊ शकते. पुढे तुला स्वतःला कर्ज हवं असेल तेव्हा ही जामीनकी तुझ्या कर्जाच्या नोंदीत दिसते.

कोऱ्या चेकवर सही नको. चेक वटला नाही तर दोन वर्षांपर्यंत कैद किंवा रकमेच्या दुपटीपर्यंत दंड, किंवा दोन्ही. उचल घ्यायची वेळ आलीच तर बँकेतून घे, रोख नको. वीस हजार आणि त्यावरचं कर्ज रोखीने घेणं आयकर कायद्यात बसत नाही.

आता, नाही कसं म्हणायचं? हे सगळ्यात अवघड, कारण समोर आपला गुरू असतो. मी पोरांना एकच वाक्य पाठ करायला सांगतो: "शेठजी, अण्णांना शब्द दिलाय, घरच्यांना विचारल्याशिवाय कुठल्याही कागदावर सही करणार नाही." आणि लागण्याआधीच बापाला तसा शब्द खरोखर देऊन ये, म्हणजे वाक्य खरं होतं. चांगला शेठ हे ऐकून रागावत नाही. माझ्या शेठजींनी एकदा कागद पुढे केला होता. मी हे बोललो. ते थोडा वेळ गप्प बसले, कागद मागे घेतला, आणि पुढच्या महिन्यापासून मला सौद्याला बसवायला लागले. जो रागावेल, त्याच्याकडून निघायची तयारी त्याच दिवशी सुरू कर.

तुझ्या बाजूचं मात्र लिहून घे. पगार बँकेत जमा होऊ दे. पीएफ लागू असेल तर तो कापला जातोय का ते बघ. सलग पाच वर्षं झाली आणि आस्थापनेला नियम लागू असला तर ग्रॅच्युइटी हा हक्क आहे, वर्षाला पंधरा दिवसांच्या पगाराप्रमाणे. ती मागताना उपकार मागतोय असं वाटून घेऊ नकोस. सौद्यावर हिस्सा ठरला असेल तर कागदावर ठरू दे. लिहून मागणं म्हणजे अविश्वास, असं तुला वाटेल. याच सयाजीरावांनी १९१३ साली भीमराव आंबेडकरांना अमेरिकेत कोलंबियाला शिकायला पाठवलं तेव्हा करार झाला होता: शिष्यवृत्ती अमुक, आणि परतल्यावर दहा वर्षं बडोद्याची नोकरी. देणारा एवढा मोठा, घेणारा एवढा मोठा, आणि तरी मधे कागद होता. मग आपण कोण?

घर

यावर फार लिहीत नाही. पगारातला ठरलेला हिस्सा दर महिन्याला घरी जाऊ दे, कमी असला तरी चालेल, पण चुकू नये. पेरणीला आणि वेचणीला चार दिवस जा. शेठच्या घरच्या लग्नात राबतोस तसा चुलत्याच्या घरच्या लग्नातही राब. गावातल्या कुणालाही शेठची भीती किंवा मोठेपणा दाखवू नकोस. पुढे तू स्वतःचा काटा लावशील तेव्हा पहिली ट्रॉली त्यांचीच येणार आहे.

शेठजी गेल्यावर, किंवा तू निघताना

मोठी माणसं प्रेमाने बोलतात. "तुझ्यासाठी काहीतरी करून ठेवतो." "हे सगळं पुढे तूच बघशील." बोलताना ती खरंच तसं म्हणत असतात. पण मृत्युपत्र लिखित लागतं आणि त्यावर दोन साक्षीदारांच्या सह्या लागतात. केबिनमध्ये चहा पिताना बोललेलं त्यात बसत नाही. भागीदारीसुद्धा, करारात वेगळं लिहिलेलं नसेल, तर भागीदाराच्या मृत्यूने संपते. गादी वारसाकडे जाते, ही जगरीत आहे. अमळनेरच्या वनस्पती तुपाच्या कारखान्याचा भार १९६६ साली वडील गेल्यावर एकवीस वर्षांच्या अझीम प्रेमजींवर आला आणि त्यांनी त्याची विप्रो केली. तेव्हा शेठचा मुलगा नवखा आहे आणि आपण जुने आहोत, म्हणून मनात कडवटपणा आणू नकोस. त्याची जागा त्याची आहे.

आमचे शेठजी हंगामाच्या ऐन भरात गेले. मुलांनी पुण्यातून येऊन काम हाती घेतलं, त्यांची पद्धत वेगळी होती, आणि ते साहजिकही होतं. मला कागदावर पगार, पीएफ आणि ग्रॅच्युइटी मिळाली, कारण तेवढंच कागदावर होतं. बाकी जे मिळालं होतं ते आधीच हातात होतं: नजर, वह्या, आणि "शेठजींचा माणूस आहे, जबान पाळतो" एवढं ऐकून माझ्याशी सौदा करणारे आठ-दहा गिरणीवाले. त्यांच्यावर माझी दलाली उभी राहिली. शेठजी हयात असतानाच त्यांनी मला स्वतःच्या शेजारी बसवून या लोकांशी बोलायला लावलं होतं, त्यामागचा हेतू मला आज दिसतो. म्हणून तुलाही सांगतो, शेठ धडधाकट असेपर्यंत त्याच्या ओळखी तुझ्या स्वतःच्या वागण्याने पक्क्या कर. तो गेल्यावर त्याचं नाव सांगून दार उघडायला गेलास तर दार अर्धंच उघडतं.

तू स्वतःहून निघणार असशील तर वेळ पाळ. हंगाम चालू असताना निघू नकोस. एप्रिल-मे मध्ये आवक संपते, जिन बंद होतं, तेव्हा जाऊन समोर बसून सांग, फोनवर नाही. काय करणार आहेस ते खरं सांग. निदान एक हंगाम त्याच्या गिरणीवाल्यांना आणि त्याच्या गावांना हात लावू नकोस. जळगाव जिल्हा मोठा आहे, धुळे-नंदुरबार आहे, शहाद्याकडे कापूस आहे. तुझ्या जागी येणाऱ्या पोराला पंधरा दिवस शेजारी उभं करून शिकव.

आणि शेवटच्या दिवशी मुनीमजींना सांगून हिशेबाचा कागद करून घे: उचल किती, फिटली किती, पगार कुठवर दिला, तुझ्याकडे असलेल्या चाव्या, चेकबुकं, मोबाइलचं सिम, गाडी, सगळं परत दिल्याची नोंद. कुठल्या खात्यावर, फर्मवर, पावतीपुस्तकावर तुझी सही चालत असेल तर ती रद्द केल्याचं बँकेचं पत्र त्याला जोड. खाली शेठची सही, तुझी सही, तारीख. दोन प्रती. एक तिथे, एक तुझ्या घरी सातबाऱ्याच्या फायलीत.